उसने हात

१४ जून २००४, सोमवार

मार्चनंतर आज वही उघडली. लिहिण्यासारखं काही घडत नव्हतं. तीन वर्षं मी ऑकलंडमध्ये लोकांच्या भिंती रंगवतो आहे. भिंतींबद्दल माणूस किती लिहिणार?

आज मालकाने, ग्रॅहमने, आम्हाला आवहितूला नेलं. आमच्या मनुरेवाहून सव्वा तास, शेवटी कच्चा रस्ता आणि खाली समुद्र. तिथे मेंढ्यांची लोकर कातरायची एक जुनी शेड आहे. जपानी लोक तिच्यात सिनेमा करताहेत. नवीन बसवलेल्या फळ्या चाळीस वर्षांच्या दिसाव्यात असा रंग द्यायचा, हे आमचं काम. जेवणाच्या सुट्टीत एक मेंढी दारातून डोकावत होती. खिशात सुताराची पेन्सिल होती. अस्तराच्या रंगावर तिचं तोंड काढलं, वरून रंग बसणारच होता म्हणून. मागे कोणी उभं असल्याचं उशिरा कळलं. ती मिदोरी, त्यांची दुभाषी. ती गेली आणि दिग्दर्शकाला घेऊन आली. ओनुमा त्यांचं नाव, साठीचा काटकुळा माणूस, पायात गमबूट. त्यांनी मेंढी पाहिली. मग माझे दोन्ही हात धरून उलटेसुलटे केले. आमच्याकडे बाजारात बैलाचे खूर बघतात तसे.

आधी काय करत होतास, असं त्यांनी विचारलं. औंधजवळच्या हायस्कुलात एकवीस वर्षं चित्रकला शिकवत होतो, असं सांगितलं. मिदोरीने दोनदा विचारून खात्री केली.

सिनेमा एका चित्रकाराचा आहे, आणि नटाला ब्रश धरता येत नाही. त्यांना हात हवे आहेत. तीस जुलैपर्यंत. ग्रॅहम म्हणाला, "स्वीट अ‍ॅज, मेट. तुझ्याविना भिंती पळून जात नाहीत."

घरी आल्यावर देवीपुढे दिवा लावला. यमाईने एवढ्या वर्षांनी आठवण ठेवली.

१९ जून, शनिवार

वसुधाला टौरंगाच्या हॉस्पिटलचं पत्र आलं. तिने ते उभ्यानेच वाचलं. इथे आल्यापासून ती वृद्धाश्रमात म्हाताऱ्यांना आंघोळी घालते आहे. परीक्षा दोनदा दिली. आता वॉर्डात खरी नर्स म्हणून जाणार.

"दोन ऑगस्टला हजर व्हायचंय," ती म्हणाली. "एकतीस जुलैला निघू. तिघंही."

"चालेल. माझं काम तीसला संपतंय."

"संपतंय, की संपेल?"

"संपतंय."

तिने कॅलेंडरवर लाल पेनने गोल केला. गार्गीला शाळा सोडावी लागणार म्हणून तिचं तोंड उतरलं आहे. ती चौदाची. मराठी सगळं कळतं, उत्तर इंग्रजीत. "बाबा, यू आर कमिंग विथ अस, राइट?" मी म्हटलं, म्हणजे काय.

२४ जून, गुरुवार

माझ्या हातांवरचे केस काढले. नटाचा हात गोरा आहे, म्हणून रोज सकाळी एक मुलगी मनगटापर्यंत मलम आणि पावडर लावते. मग कशाला हात लावायचा नाही. चहासुद्धा दुसरं कोणी पाजतं. वसुधाला सांगितलं तर हसून म्हणाली, "आपल्या लग्नात मेंदी मला लागली होती. आता तुमची पाळी." बऱ्याच दिवसांनी हसली.

मिदोरीने कथा सांगितली. चित्रकाराची बायको वारलेली आहे. दुःखाच्या भरात त्याने तिचे सगळे फोटो जाळले आणि आता तिचा चेहरा त्याला आठवत नाही. तो ओळखीची माणसं सोडून इथे येतो, या शेडमध्ये एकटा राहतो आणि तोच एक चेहरा काढत बसतो. काढतो, खरवडतो, पुन्हा काढतो. शेवटी चेहरा जमतो. तो चित्र भिंतीपाशी मांडतो, त्याला काळी फीत बांधतो, पुढे उदबत्ती लावतो. त्यांच्यात मेलेल्या माणसाची तसबीर अशीच मांडतात. आणि दुसऱ्या दिवशी तोच जमलेला चेहरा खरवडून टाकतो.

मी विचारलं, जमलेला का खरवडतो?

ओनुमांनी थोडा विचार केला. मिदोरीने सांगितलं, "कारण ते संपलं तर त्याला करायला काहीच उरणार नाही."

मला हे पटलं नाही. एवढा वेडा माणूस नसतो.

१ जुलै, गुरुवार

सिनेमाचं काम फार चमत्कारिक. प्रसंग उलटसुलट घेतात, त्यामुळे एकच चित्र वेगवेगळ्या अवस्थांत तयार लागतं. नुसत्या कोळशाच्या रेषा, पाव रंगवलेलं, अर्धं, पाऊण, पूर्ण. शिवाय खरवडायला जादा. एकूण अकरा कॅनव्हास ओळीने उभे केले आहेत. मी पोरांना शिकवायचो, चित्र एकदाच होतं, दुसऱ्यांदा होते ती नक्कल. इथे एकाच बाईचं अर्धं नाक सकाळी आणि पूर्ण नाक दुपारी.

नटीचा एक फोटो समोर आहे. त्यावरून काढतो.

चित्रीकरणाच्या वेळी नट स्टुलावर बसतो. मी त्याच्या मागे गुडघ्यांवर बसून त्याच्या काखेखालून हात पुढे काढतो. त्याचा सदरा, माझे हात. त्याच्या अंगाला कापराचा वास येतो. आम्ही एकमेकांशी एक शब्दही बोललेलो नाही.

जाऊन येऊन फार वेळ जातो, म्हणून सोमवार ते शुक्रवार इथल्या कॅरॅव्हॅनमध्ये राहावं असं ठरलं. वसुधा म्हणाली, "बघा बाई, तुम्हाला जमेल तसं."

७ जुलै, बुधवार

ओनुमांनी पूर्ण झालेलं चित्र पाहिलं. फार वेळ पाहिलं. मिदोरी माझ्याकडे न बघता बोलली, "ते म्हणतात, अगदी बरोबर आहे. पण या बाईबरोबर कोणी राहिलंय असं वाटत नाही."

मग त्यांनी नटीचा फोटो उचलला आणि खिशात घातला. आता फोटोशिवाय काढ. त्या माणसाकडे तरी कुठे होता?

मला राग आला. एकवीस वर्षं मी व्यक्तिचित्र शिकवलं. पण दुपारी चित्राकडे पाहिलं तेव्हा त्यांचं खरं आहे असं वाटलं. शाळेच्या दाखल्यावरचा चेहरा आहे तो.

१३ जुलै, मंगळवार

चार दिवस काहीच जमत नाही. सहा कॅनव्हास खरवडले. वारा शेडमधून आरपार जातो. बाकीचे लोक पाच वाजता मोठ्या गाडीने गावाकडे जातात. मग मी, मेंढ्या आणि समुद्र. कोणी जपानी बोलो, कोणी इंग्रजी, दोन्ही मला भिंतीपलीकडून ऐकू आल्यासारखं होतं. रविवारी घरी होतो तर घरचं मराठीही तसंच ऐकू आलं. वसुधा खोक्यांबद्दल काहीतरी विचारत होती. मी हो म्हटलं. "अहो, हो काय? कुठली खोकी ठेवायची ते विचारतेय."

देवीचा टाक घरी आहे. इथे सकाळी नुसते हात जोडतो, पूर्वेकडे तोंड करून. पण पावडर लावायच्या आधी जोडावे लागतात, म्हणून घाईत.

२० जुलै, मंगळवार

आज चेहरा आला.

कसा आला सांगता येत नाही. बाई समोर बघत नाही, मान किंचित डावीकडे आहे. आतल्या खोलीत काही उतू जातंय की काय, याचा कानोसा घेतल्यासारखी. खालचा ओठ दाताखाली थोडा धरलेला. हनुवटीवर एक बारीक आडवी खूण असावी असं वाटलं, म्हणून काढली. नाक, डोळे फोटोतल्या नटीचेच राहिले. पण ती आता कोणीतरी झाली.

ओनुमांनी विचारलं, "ही कोण?"

"कोणी नाही. मनातली."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग वाकून नमस्कार केला. माझ्यासारख्या माणसाला आयुष्यात असा नमस्कार कोणी केला नव्हता. आता याच चेहऱ्याचे बाकीचे दहा करायचे. त्यासाठी मुदत लागेल. सहा ऑगस्टपर्यंत थांबशील का, असं त्यांनी विचारलं. मी थांबतो म्हटलं. हे सांगताना कॅलेंडर डोळ्यांपुढे आलं नाही, हे इथे खरं लिहून ठेवतो.

२५ जुलै, रविवार

वसुधाला सांगितलं. सरळ सांगायचं धैर्य झालं नाही. म्हटलं, अठरा तारखेपासून अधिक महिना लागलाय, अधिकात नव्या घरात राहायला जाऊ नये.

"मग हॉस्पिटलला तसं कळवू? सिस्टर म्हणतील, हो का, अधिक आहे का, मग निजमहिन्यात या."

"चेष्टा नको करू."

"चेष्टा मी करत नाहीये."

तेव्हा सहा ऑगस्टचं सांगितलं. ती भांडली नाही. चादरींच्या घड्या घालत राहिली. बऱ्याच वेळाने म्हणाली, "आम्ही शनिवारी जाऊ. तुम्ही तुमचं संपवून या."

समजूतदार आहे. मला वाटलं होतं त्याहून सोपं गेलं.

गार्गी जेवायला आली नाही. काल तिचा या शाळेकडून शेवटचा नेटबॉलचा सामना होता. मी येतो म्हटलं होतं. दार वाजवलं तर आतून, "इट्स फाइन, बाबा." आवाजावरून फाइन असावं.

३० जुलै, शुक्रवार

लिहू की नको, असं होतंय. पण या वहीत खोटं लिहिलं तर खरं कुठे लिहू?

आज उदबत्तीचा प्रसंग होता. चित्र लाकडी पेटीवर उभं केलेलं, वरच्या दोन कोपऱ्यांतून काळी फीत तिरकी बांधलेली. पुढे राखेचं भांडं, त्यात पेटलेली उदबत्तीची एक काडी. काडी लावणारा हात माझा. एकदा घेऊन झालं होतं, ओनुमांना दुसऱ्यांदा हवं होतं. उजेड उतरत चालला होता. सगळे थांबले होते.

तेवढ्यात वसुधा आणि गार्गी आल्या. उद्या पहाटे निघायचं म्हणून घराची किल्ली द्यायला आल्या होत्या, सोबत दोन दिवसांच्या पोळ्या आणि लसणाची चटणी. माझे हात पावडरचे होते, डबा घेता येईना. गार्गीच्या हातात तो तसाच राहिला.

गार्गीने आधी पाहिलं. "बाबा. दॅट्स आई."

मी म्हटलं, नाही गं, ती सिनेमातली बाई आहे. असं म्हणत मी चित्राकडे वळलो, आणि वसुधा चित्रासमोर उभी होती. मान किंचित डावीकडे. खालचा ओठ दाताखाली. हनुवटीवरची खूण, गार्गीच्या वेळी बाळंतपणाला माहेरी असताना ती ओट्यावर आपटली होती, तीन टाके पडले होते. मी तेव्हा शाळेच्या परीक्षेच्या कामात होतो, दहा दिवसांनी गेलो.

ती वाकली, काडीचं पेटलेलं टोक दोन बोटांनी चिमटून विझवलं. वॉर्डात काही करावं तसं. काडी पेटीच्या कडेला ठेवली. "चल गार्गी."

कोणीतरी ओरडलं, की मांडलेल्या वस्तूंना हात लावू नका. नट उठून उभा राहिला. मिदोरी माझ्याजवळ आली, हळू म्हणाली, "पाचच मिनिटं उजेड आहे. काय सांगू त्यांना?"

मी म्हटलं, माफ करा म्हणून सांग.

आणि काडेपेटी घेतली. शॉट अडला होता. दुसरी काडी मी लावली.

धूर सरळ वर गेला. नंतर मान वळवली तर गार्गी दारात उभी होती, डबा घेऊन. तिने तो खाली ठेवला, त्यावर किल्ली ठेवली. वसुधा बाहेर गाडी सुरू करत होती.

३१ जुलै, शनिवार

घर रिकामं आहे. देव्हारा होता तिथे भिंतीवर उजळ चौकोन राहिलाय. त्याच्यापुढे हात जोडले. काय मागावं सुचेना.

आमच्या हायस्कुलात मुख्याध्यापक पुरुषोत्तम शेडगे निवृत्त झाले तेव्हा पोरांनी हौसेने त्यांच्या फोटोला झेंडूचा हार घातला होता. शेडगेसरांनी पाहिलं आणि समारंभ टाकून घरी गेले. आठ दिवस अंथरुणाला खिळले. त्यांच्या मंडळींनी येऊन आम्हा मास्तरांची खरडपट्टी काढली, की माणूस चालता-बोलता असताना त्याला हार घालता, तुम्ही शिकलेले ना? तेव्हा आम्ही मागून हसलो होतो. हसणाऱ्यांत मी होतो.

न कळत झालेलं देवी माफ करील. पण दुसरी काडी कळून लावली.

२ ऑगस्ट, सोमवार

टौरंगाला फोन केला. गार्गी: "आई इज अ‍ॅट वर्क." संध्याकाळी वसुधा बोलली. पहिला दिवस बरा गेला. वॉर्ड मोठा आहे. मी म्हटलं, शुक्रवारी संपलं की येतोच. ती म्हणाली, "इथे जागा लहान आहे. घाई करू नका."

आवाजात राग नव्हता. बरं वाटलं.

फोन ठेवल्यावर तिचं वाक्य मनात चार वेळा म्हणून पाहिलं, आणि बरं वाटायचं थांबलं.

५ ऑगस्ट, गुरुवार

आज खरवडायचा प्रसंग. त्याआधी धीर करून ओनुमांना विचारलं, उदबत्तीचा भाग काढून टाकता येईल का? मिदोरीला आमच्याकडची रीत समजावून सांगितली. तिने ती त्यांना सांगितली. त्यांनी मान हलवली. सगळ्या सिनेमातला तोच शॉट सगळ्यात चांगला आलाय.

मग म्हणाले, "ती तुझी बायको होती ना?"

"हो. पण काढताना मला माहीत नव्हतं."

मिदोरीने भाषांतर केलं तेव्हा ते चकित झाले. "मला वीस तारखेलाच कळलं. दिवे लावणाऱ्यांनाही कळलं होतं, की ही त्याच्या घरची आहे. तुला खरंच माहीत नव्हतं?"

मग त्यांनी आपण होऊन सांगितलं, की त्यांची बायको ओसाकाला असते, ते टोकियोत. पुतण्याच्या लग्नात शेवटचे भेटले. "तिने केस पांढरे ठेवायला सुरुवात केलीय, असं कळलं." हे त्यांनी समुद्राकडे बघत सांगितलं.

सुरी घेतली. नटाच्या काखेखालून हात पुढे काढला. आधी कपाळ, मग डोळे, मग हनुवटी. ओल्या रंगाखाली कॅनव्हास खरखरतो. एकाच टेकमध्ये झालं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. हात जरासुद्धा थरथरला नाही, याचं वाईट वाटतंय.

जाताना ओनुमांनी एक पूर्ण चित्र देऊ केलं. मी नको म्हटलं. ते जगात कुठेतरी असेल, त्याला माझा इलाज नाही. पण त्याच्याबरोबर एका छपराखाली झोपता येणार नाही. हात धुतले. पावडर गेली, पण कातडी अजून दुसऱ्याची वाटते.

८ ऑगस्ट, रविवार

टौरंगा. बसने चार तास. किवीच्या बागा, पानं झडलेल्या वेली तारांवर पसरलेल्या. पत्ता विचारत पोचलो. न कळवता आलो. कळवलं असतं तर ती नको म्हणाली असती.

गार्गीने दार उघडलं. "ओह. हाय, बाबा." मग जरा वेळाने, "आय'ल मेक चहा."

वसुधा ड्यूटीवर होती. वाट बघत टेबलाशी बसलो. गार्गीच्या वहीचा एक कागद घेतला आणि वसुधाला काढू लागलो, आता तरी कळून. मान डावीकडे, ओठ दाताखाली. पुढे जाईना. भांग मधोमध की बाजूला? कानात हल्ली काय घालते? वीस वर्षांचा संसार आणि मला ती एकाच कोनातून येते, आतल्या खोलीचा कानोसा घेताना. म्हणजे मी बाहेरच्या खोलीत बसलेला असायचो. कागद फाडला.

सव्वातीनला गाडी आली. वसुधा युनिफॉर्ममध्ये आत आली. डोळ्यांवर चष्मा होता.

"चष्मा कधी लागला?"

"गाडी चालवताना लावते. दीड वर्ष झालं."

"मला माहीत नव्हतं."

"तुम्ही ग्रॅहमच्या व्हॅनमधून जात होता."

तिने पर्स ठेवली, पाणी प्यायली. मी म्हटलं, "वसुधा, ती दुसरी काडी मी लावली."

"गार्गीने सांगितलं."

"चुकलं."

"अपशकुन वगैरे मी मानत नाही," ती म्हणाली. "तीन वर्षं मरणं बघतेय. पण तुम्ही मानता. तुम्ही मानता, आणि तरी लावलीत."

तिने जेवायला वाढलं, तिघांना. माझं अंथरूण बाहेरच्या खोलीत सोफ्यावर घातलं. किती दिवस राहणार, हे तिने विचारलं नाही. मीही सांगितलं नाही.

९ ऑगस्ट, सोमवार

सकाळी सहाला ती निघाली. मी उठून बसलोच होतो. म्हटलं, "हॉस्पिटलपर्यंत येऊ का तुझ्याबरोबर?"

"कशाला?"

"असंच."

"परत चालत यावं लागेल. पाऊण तास."

"येईन."

ती थोडा वेळ किल्ली हातात घेऊन उभी राहिली. मग म्हणाली, "बसा."

गाडीत तिने चष्मा लावला, आरसा सारखा केला. भांग बाजूला आहे, उजवीकडे. कानामागे केस पांढरे झालेत, तेवढेच, पुढचे नाहीत. कानात काही नव्हतं, ड्यूटीवर चालत नसेल. सिग्नलला थांबली की अंगठा स्टिअरिंगवर हळूहळू आपटते. लाल दिवा असेपर्यंतच. हे नवीन की जुनं, मला माहीत नाही. एकदा तिने विचारलं, "काय?" मी म्हटलं, काही नाही. तिने पुन्हा समोर पाहिलं.

फाटकाशी उतरलो. "दुपारी तीनला सुटते," ती म्हणाली. न्यायला या म्हणाली नाही, येऊ नका असंही म्हणाली नाही.

परत यायला मला दोन तास लागले. तीन ठिकाणी विचारावं लागलं. एका डेअरीवाल्याने कागदावर नकाशा काढून दिला. घरी पोचलो तेव्हा गार्गी शाळेला निघत होती. "बाबा, इट्स लाइक टू टर्न्स."

दोनच वळणं आहेत खरी. पण जाताना मी रस्त्याकडे पाहिलंच नव्हतं.